आभाराच्या पाटीवर न मावलेली माणसं

मराठी सिनेमा सुरू झाला की आधी सेन्सॉरचं प्रमाणपत्र येतं, मग कुलदैवताचा नाहीतर वडिलांचा हार घातलेला फोटो, आणि मग ‘विशेष आभार’ अशी पाटी. प्रेक्षक तोवर पॉपकॉर्न सांभाळत आपली खुर्ची शोधत असतात, त्यामुळे ती कुणी वाचत नाही. मी वाचतो. पाटीच्या लांबीवरून सिनेमाला किती पैसे लागले असतील याचा मला बऱ्यापैकी अंदाज येतो. ज्याच्याकडे पैसे असतात त्याची पाटी दोन ओळींत आटोपते. ज्याच्याकडे नसतात त्याच्या पाटीवर ग्रामपंचायत, पोलीस पाटील, मंडपवाले, दूध डेअरी, समस्त ग्रामस्थ आणि कुणाच्या तरी मावशी अशी सगळी वरात असते. माझ्या सिनेमाची पाटी इतकी लांबली की एडिटर म्हणाला, “दादा, लोकांचं हे वाचून होईपर्यंत पहिलं भूत येऊन गेलेलं असेल.” मग काही नावं गाळली. त्या गाळलेल्या माणसांविषयी, आणि ज्यांचं नाव माझ्या पाटीवर घालणं म्हणजे आगाऊपणाच झाला असता अशा काही मोठ्यांविषयी हे लिहितो आहे.

मी भुताचे सिनेमे करतो, तेही कमी पैशात. त्यात माणसं मरतात आणि लोक हसतात, आणि त्यांनी हसावं अशीच माझी इच्छा असते. घरचे पाहुण्यांना अजून ‘तो व्हिडिओचं काम करतो’ असंच सांगतात. ते काही अगदीच खोटं नाही.

या धंद्यातली एक गोष्ट बाहेरच्यांच्या चटकन ध्यानात येत नाही. मोठा सिनेमा पैशावर चालतो, छोटा भिडेवर. वाडा भिडेखातर मिळतो, जनरेटर भिडेखातर मिळतो, रात्री दोन वाजता पिठलं-भाकरी करून घालणारी माणसं भिडेखातर चूल पेटवतात. भयपटाला तर रात्रच लागते, म्हणजे दुसऱ्याची झोपही उसनी घ्यावी लागते. हे देणं पैशाचं नसल्यामुळे पैशाने फिटत नाही. रामसे बंधूंचे सिनेमे मला सगळ्यात जवळचे वाटतात ते त्यामुळेच. त्यांना भीड घालायला बाहेर जावंच लागलं नाही, माणसं घरातच होती.

त्यांचा ‘पुराना मंदिर’ आला १९८४ साली. मी तो पाहिला वाईत, आमच्या आळीत, रात्रभरासाठी भाड्याने आणलेल्या व्हीसीआरवर. वर्गणी काढून तीन कॅसेटी आणायच्या अशी रीत होती. पहिली दादा कोंडके, म्हणजे वडीलधारी खूश. दुसरी बच्चन. तिसरी पोरं झोपल्यावर, म्हणजे पोरं झोपली आहेत असं मोठ्यांनी मनाशी ठरवल्यावर. मी आत्याच्या मांडीला टेकून, डोळे किलकिले करून तिसरी बघत होतो. त्या सिनेमात मध्येच जगदीप मच्छरसिंग होऊन येतो आणि ‘शोले’ची पुरती टर उडवतो. मूळ कथेशी त्याचा काही संबंध नाही. आळीतल्या बायका पदर तोंडावर घेऊन हसत होत्या, सगळ्यात मोठ्यांदा आमची आत्या. आणि थोड्या वेळाने त्यातला सैतान, सामरी, आला तेव्हा त्याच आत्याने माझा दंड असा आवळला की दुसऱ्या दिवशी बोटांचे वळ दिसत होते.

त्या वळांनी मला जे शिकवलं ते पुढे कुठल्या कार्यशाळेत मिळालं नाही. हसलेला माणूस बेसावध असतो. हसताना त्याने खांदे सैल सोडलेले असतात, श्वास बाहेर टाकलेला असतो. भीती घालायला याहून बरी वेळ नाही. समीक्षक त्या विनोदी तुकड्यांना ‘ठिगळं’ म्हणत, आणि ती ठिगळं होतीच, कारण वितरकाला हास्य, गाणी, मारामारी असं पूर्ण ताट लागायचं. पण ठिगळ कुठे लावायचं हे रामसेंना कळत होतं.

त्यांच्या भयपटांचं मूळ कुठे आहे हे मराठी वाचकाला सांगितलं की तो आधी विश्वासच ठेवत नाही. फतेहचंद रामसिंघानी हे कराचीचे रेडिओचे व्यापारी. गोऱ्या गिऱ्हाइकांना आडनाव उच्चारता येईना म्हणून त्याचं ‘रामसे’ झालं. फाळणीनंतर ते मुंबईत आले, लॅमिंग्टन रोडवर दुकान टाकलं आणि पुढे सिनेमे काढू लागले. ‘रुस्तम सोहराब’ १९६३चा, ‘एक नन्ही मुन्नी लडकी थी’ १९७०चा. दोन्हींत पृथ्वीराज कपूर, आणि दोन्हींचे दिग्दर्शक विश्राम बेडेकर. होय, ‘रणांगण’वाले बेडेकर. दुसरा सिनेमा साफ पडला. पण त्यात एक प्रसंग होता: पृथ्वीराज कपूर भयंकर मुखवटा आणि चिलखत चढवून संग्रहालयात चोरी करायला शिरतात. थोरल्या रामसेंच्या मुलांनी, तुलसी आणि श्याम यांनी, थिएटरात बसून पाहिलं तर लोक तेवढ्या प्रसंगासाठी येत होते आणि तो संपला की उठून जात होते. मुलांनी बापाला सांगितलं की सगळा सिनेमाच तसला काढू. मराठीतली एक श्रेष्ठ कादंबरी लिहिणाऱ्या माणसाच्या पडलेल्या सिनेमातून हिंदी भयपटाची एक अख्खी शाखा फुटली. बेडेकरांना यात काही अभिमान वाटला असता असं मला वाटत नाही, पण मी त्यांचं एक देणं लागतो हे खरं.

पुढची हकीकत रामसेंनी मुलाखतींतून पुष्कळदा सांगितली आहे. सात भाऊ होते. बापाने त्यांना श्रीनगरला हाउसबोटीवर नेऊन बसवलं, हातात जोसेफ मॅसेली यांचं ‘द फाइव्ह सीज ऑफ सिनेमॅटोग्राफी’ दिलं आणि शिका म्हणून सांगितलं. मग कामं वाटली गेली. कुमार लिहिणार, गंगू कॅमेऱ्यामागे, किरण आवाजाला, अर्जुन संकलनाला, तुलसी आणि श्याम दिग्दर्शन करणार, केशू हवं तिथे. ‘दो गज जमीन के नीचे’साठी सगळं खटलं बसमध्ये घालून महाबळेश्वरला गेलं. सरकारी विश्रामगृहात मुक्काम, तिथेच शूटिंग, स्वयंपाकाला घरच्याच बायका. चाळीसेक दिवस आणि साडेतीन लाखांच्या आसपास खर्च असं सांगितलं जातं. १९७२ साली तो चित्रपट लागला आणि चालला. वाईतून पसरणीचा घाट चढला की पाचगणी आणि पुढे महाबळेश्वर, म्हणजे हे सगळं आमच्या डोक्यावरच झालं म्हणायचं. मी तेव्हा जन्मलोही नव्हतो. पण पुढे मित्रांना गोळा करून, आईला डबे करायला लावून पहिला लघुपट काढला तेव्हा आम्ही काही नवीन करतो आहोत असा गैरसमज मला नव्हता.

हल्ली रामसेंवर हसण्याची फॅशन आहे. शहरातली शिकलेली मंडळी त्यांच्या सिनेमाचे खास खेळ लावतात आणि रबरी मुखवट्याला टाळ्या वाजवतात. मला तो प्रकार आवडत नाही. ही माणसं थट्टा करायला बसली नव्हती. एका वेळी एक लहान सिनेमा काढायचा, तो विकायचा, त्यातून पुढचा उभा करायचा असा त्यांचा सरळ व्यवहार होता. मुरूडच्या नवाबाचा राजवाडा, धूर, निळा दिवा आणि अनिरुद्ध अग्रवाल यांचा चेहरा एवढ्या भांडवलावर त्यांनी तालुक्याच्या गावची थिएटरं भरवली. अग्रवाल रुडकीला शिकलेले स्थापत्य अभियंता, पण देशाला ते ठाऊक आहेत सामरी म्हणून. आता हेही सांगितलं पाहिजे की त्या सिनेमांतल्या न्हाणीघराच्या दृश्यांची तरफदारी मी करणार नाही. बाईला ओलं करायचं आणि मग मारायचं, हा हिशेब मला तेव्हाही कळत होता आणि आजही किळसवाणा वाटतो. ऋण मान्य केलं म्हणून सावकाराचं सगळंच गोड मानावं असं नाही. तुलसी २०१८ साली गेले, श्याम त्याच्या पुढच्या वर्षी, आणि त्या काळोखाला उजेड देणारे गंगू २०२४ साली.

उजेडाचा विषय निघाला म्हणून आमच्या लाइटदादांकडे वळतो. ते मूळचे रत्नागिरीकडचे. मुंबईत स्टुडिओत दिवे ओढण्यात उमेदीची वर्षं गेली, त्यातले बरेच दिवस भुताच्या छोट्या युनिटांवर. निवृत्त होऊन लेकीकडे वाईला राहायला आले होते. मी भीतभीतच विचारायला गेलो. त्यांनी दोनच प्रश्न विचारले. दिवे किती? दोन. चहा किती वेळा? मी म्हटलं, मागाल तेव्हा. “मग येतो,” म्हणाले.

पहिल्या रात्री वाड्यात पोचल्यावर त्यांनी आधी सगळे दिवे मालवायला लावले. ओसरीवरचा, माजघरातला, रस्त्यावरच्या खांबाचा उजेड ज्या खिडकीतून येत होता ती खिडकीसुद्धा लावून घेतली. आणि आम्हा सगळ्यांना चौकात बसवून ठेवलं. कुणी मोबाइल काढला तर खेकसायचे. हळूहळू डोळे सरावले. तुळशीवृंदावनाची कड दिसू लागली, मग जिन्याचा कठडा, मग माळ्याच्या दाराची फट. दाराच्या वर मात्र काही म्हणजे काही दिसत नव्हतं. दादांनी तिकडे बोट केलं. “भूत तिथं आहे,” म्हणाले. “आता तिथं उजेड टाकायचा नाही. त्याच्या आजूबाजूला टाकायचा. भूत दिसायला नको, भुताची जागा दिसायला पाहिजे.”

मग त्यांनी एक दिवा परसात, आडाच्या पलीकडे जमिनीलगत ठेवला, त्यावर निळं जिलेटीन लावलं. घमेल्यात निखारे आणि लोबान घालून एका पोराला बोळातून हळूहळू चालत न्यायला सांगितलं, पळत नाही, पळालं की धुराचे गोळे होतात. दुसरा दिवा थर्मोकोलवर मारून त्याचा परतलेला उजेड नटीच्या अर्ध्या गालावर घेतला. झालं एवढंच. मॉनिटरवर पाहिलं तर वाड्याचं वय शंभर वर्षांनी वाढलं होतं.

दादांना रिटेकचा मनस्वी तिटकारा. ते फिल्मच्या जमान्यातले. चारशे फुटांचा रोल साडेचार मिनिटांत संपायचा, आणि छोट्या निर्मात्याच्या पेटीत तसे मोजकेच डबे असायचे. म्हणून तालमी पंधरा, टेक एक. आमच्या कार्डावर कितीही मावतं हे त्यांना पटतच नसे. “मावतं म्हणून भरायचं का?” असं ते विचारत. मी अजूनही कॅमेरा सुरू करायच्या आधी तालीम घेतो आणि पोरं कुरकुरतात.

रामसे मी लहानपणी पाहिले, बाकीचे उशिरा, डीव्हीडीच्या काळात. आणि पाहिले त्याहून जास्त वाचले, कारण मला सिनेमापेक्षा त्याच्या मागचा जमाखर्च अधिक खेचतो. जॉर्ज रोमेरो हा पिट्सबर्गमध्ये जाहिराती काढणारा तरुण. त्याने आणि त्याच्या मित्रमंडळींनी मिळून दहा जणांनी प्रत्येकी ६०० डॉलर काढले आणि ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’ सुरू केला. पुढे पैसे जोडत जोडत खर्च १ लाख १४ हजार डॉलरच्या घरात गेला. पैसे घालणाऱ्यांत एक खाटीक होता, त्याने आतडी पुरवली. सिनेमा कृष्णधवल, त्यामुळे रक्त म्हणून चॉकलेट सिरप चाललं. सॅम रेमी आणि त्याच्या दोस्तांनी आधी एक छोटा नमुना-सिनेमा काढला आणि तो दाखवत डेट्रॉइटकडच्या दातांच्या डॉक्टरांना, वकिलांना भीड घातली. मग १९७९च्या थंडीत टेनेसीतल्या एका पडक्या झोपडीत ‘द ईव्हिल डेड’ चित्रित केला. पीटर जॅक्सन वेलिंग्टनच्या एका वर्तमानपत्रात फोटो-एनग्रेव्हर होता. सुटीच्या दिवशी मित्रांना जमवून चार वर्षं ‘बॅड टेस्ट’ काढत राहिला, परग्रहावरच्या राक्षसांचे मुखवटे आईच्या ओव्हनमध्ये भाजून. त्या घरात रविवारी जेवायला काय असेल याचा मी कधी कधी विचार करतो.

यातली रोमेरोची गोष्ट मला सोडत नाही. १९६८ साली सिनेमा लागायच्या वेळी वितरकाने त्याचं नाव बदललं. जुन्या नावाच्या पाटीवर कॉपीराइटची खूण होती, नव्या पाटीवर ती घालायची राहिली. तेव्हाच्या अमेरिकी कायद्याप्रमाणे तेवढ्यावरून सिनेमा सार्वजनिक मालकीचा झाला. ज्याला वाटेल त्याने प्रिंट काढावी, कॅसेट काढावी, दाखवावी. झाँबी म्हणून आज जे काही जगभर चालतं त्याचा मूळपुरुष हा, आणि त्याच्या कर्त्यांच्या हाती त्या मानाने फार थोडं लागलं. मी तो सिनेमा पहिल्यांदा पाहिला तो फुकटच. तेव्हा रोमेरोच्या खात्यावर माझ्याकडून निदान एक तिकीट येणं आहे, आणि २०१७ साली तो गेल्यामुळे ते देता येण्यासारखं राहिलेलं नाही.

रेमीचं देणं मी जरा वेगळ्या रीतीने दिलं. त्याच्याकडे ट्रॉली घ्यायला पैसे नव्हते. त्याने लांब फळीच्या मधोमध कॅमेरा बसवला, दोन्ही टोकं दोन माणसांनी धरली आणि रानातून धूम पळत सुटले. पडद्यावर वाटतं, काहीतरी अशुभ जमिनीलगत धावत येतं आहे. आम्ही बांधकामाच्या ठेकेदाराकडून सेंटरिंगची फळी आणली आणि कृष्णेच्या काठच्या उसातून तशीच पळवली. ऊस तोडणीला आलेला, पाचट पायात अडकत होतं, फळीच्या मागच्या टोकाचा पोरगा मोठमोठ्याने मारुतीचं नाव घेत पळत होता. आवाज नंतर काढून टाकला.

आता काकू. त्यांचं नाव पाटीवर ‘वाडा सौजन्य’ एवढ्यावर भागलं, आणि ते अन्यायाचं होतं. वाईत वाडा मिळवणं किती अवघड हे बाहेरच्याला कळायचं नाही. ‘गंगाजल’, ‘स्वदेस’, ‘दबंग’ आमच्या गावात आणि मेणवलीच्या घाटावर चित्रित झाले, त्यामुळे इथल्या प्रत्येक दगडाला आता दर आहे. मी विचारायला गेलो की लोक प्रेमाने बसवायचे, चहा द्यायचे आणि सलमानचा दर सांगायचे. काकूंनी दर सांगितला नाही. त्यांनी कथा विचारली. मी सांगितली: म्हातारीचा खून होतो, इस्टेटीच्या वाटण्या रखडतात, म्हणून घरचेच तिला जिवंत असल्यासारखं खुर्चीत बसवून तलाठ्याला दाखवतात, आणि ती खरंच बोलायला लागते. काकू थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, “आमच्याकडे हे झालंय. बोलायला लागली नाही, एवढंच.” आणि म्हातारीचं काम त्यांनी स्वतःच मागून घेतलं.

खुनाचं दृश्य पहाटे होतं. रक्त आम्ही घरीच केलेलं: लिक्विड ग्लुकोज, खायचा लाल रंग आणि तो भडक वाटू नये म्हणून कोको. परदेशातली मंडळी मक्याचं सिरप वापरतात, तत्त्व तेच, म्हणजे साखर. काकू चौकातल्या फरशीवर आपल्याच जुन्या नऊवारीत आडव्या पडल्या, डोक्यापाशी थारोळं केलं, आणि कॅमेरा अगदी सावकाश त्यांच्या चेहऱ्याकडे निघाला. टेक लांबलचक होता. अर्ध्यावर असताना मला दिसलं की तुळशीवृंदावनाच्या बुंध्यातून मुंगळ्यांची रांग निघाली आहे. लाइटदादांनी माझ्याकडे पाहिलं, मी त्यांच्याकडे. कट म्हणायला तोंड उघडलं, तेवढ्यात एक मुंगळा थारोळ्याच्या काठाने काकूंच्या कपाळावर चढला, भुवईवरून खाली आला आणि पापणीवर थांबला. काकू हलल्या नाहीत. फक्त ती पापणी, अगदी सूतभर, थरथरली. कॅमेरा पोचायला आणि ती थरथरायला एकच गाठ पडली.

कट झाल्यावर काकू उठून बसल्या आणि म्हणाल्या, “मेल्यांनो, मी मेले म्हणून मुंगळ्यांनी खावं होय मला?” सगळ्या युनिटची हसून मुरकुंडी वळली. तो टेक मी ठेवला. सिनेमा दाखवतो तिथे तिथे त्या पापणीला माणसं किंचाळतात, आणि किंचाळून झालं की हसतात. सगळ्या सिनेमात याहून चांगला क्षण मला लिहिता आलेला नाही, आणि हा मी लिहिलेलाच नाही.

पुढे निर्मात्याने हात वर केले. त्याने बोललेले पैसे एडिट सुरू झाल्यावर आटले आणि त्याचा फोनही. काकूंच्या कानावर हे गेलं कुणाकडून ते कळलं नाही, पण त्यांनी आळीतल्या भिशीत बायकांशी बोलून आपला नंबर पुढे घेतला आणि ती रक्कम रुमालात बांधून आणून दिली. लेखी काही नाही. “सिनेमा पुरा कर, नाहीतर मी मेले ते फुकट जाईल,” एवढीच अट. भिशीचे पैसे मी फेडले. त्या महिन्यात ज्या बाईचा नंबर मागे गेला होता तिने घरी काय उत्तर दिलं असेल, ते कसं फेडायचं?

त्या पैशात आवाजाचं काम झालं. गोरेगावच्या एका छोट्या स्टुडिओत इफेक्टवाले काका भेटले, गिरगावातले, बोलायला तिखट. त्यांची पत्र्याची ट्रंक होती. तीत जुन्या चपला, बिजागऱ्या, चामड्याचा पट्टा, काशाची वाटी, लाकडी खडावा. येताना बाजारातून कोबीचा गड्डा आणि शेवग्याच्या शेंगा आणलेल्या. मी म्हटलं, काका, भाजी? “बोटं मोडायचीत ना तुझ्या तलाठ्याची?” असं म्हणून त्यांनी ओल्या फडक्यात शेंग गुंडाळली आणि माइकपाशी काडकन मोडली. माझ्याच हाताची बोटं आपोआप मिटली. कोबीत सुरी खुपसली तो खून झाला. वेताच्या खुर्चीवर रेलून त्यांनी अख्खा वाडा कुरकुरवला.

पापणीच्या दृश्यापाशी ते थांबले. ते दृश्य दोनदा आवाजाशिवाय पाहिलं. मग विचारलं, “मुंगळ्याचा आवाज देऊ का?” मी म्हटलं, मुंगळ्याला कुठे आवाज असतो? “नसतो. म्हणून तर घाबरतील.” त्यांनी स्वतःच्या डोक्याचा एक केस उपटला आणि माइकला अगदी चिकटून दोन बोटांत चुरगळला. थिएटरात तो आवाज ऐकू येतो असं कुणी सांगणार नाही. पण मी एकदा प्रयोग म्हणून तो काढून दृश्य दाखवलं, तेव्हा किंचाळी आली नाही. शिफ्ट संपायच्या सुमारास काकांनी मनगटावरचं घड्याळ काढून शर्टाच्या खिशात टाकलं आणि काम रात्री उशिरापर्यंत चाललं. पैसे त्यांनी एका शिफ्टचेच घेतले. पाटीवर त्यांचं नाव आहे, पण आडनावात ऱ्हस्व-दीर्घाची गफलत झाली आहे, आणि ते मला दर भेटीत त्याची आठवण करून देतात.

अजून एक देणं आहे, ते पुस्तकाचं. आमच्या वाईत विश्वकोशाचं काम चालायचं. त्या विद्वानांच्या गावात मी वाचनालयातून नारायण धारप आणायचो, वर भूगोलाच्या पुस्तकाचं वेष्टन घालून. धारपांची ‘आजी’ स्टीफन किंगच्या ‘ग्रॅमा’ कथेवरून घेतलेली, हे मला पुष्कळ वर्षांनी कळलं. तोवर त्या आजीने आमची दुपार-रात्र एक केली होती. राही अनिल बर्वे यांनी शाळकरी वयात मित्राच्या तोंडून धारपांची कथा ऐकली, तिच्यातून ‘तुंबाड’ उगवला. नाव आलं श्री. ना. पेंडशांच्या कादंबरीवरून, घर मिळालं सासवडचा पुरंदरे वाडा, आणि खरा पाऊस हवा म्हणून पावसाळ्यामागून पावसाळे थांबत ते चित्रण झालं. २०१२ साली सुरू झालेला सिनेमा लागला २०१८ साली. तेव्हा बेताचाच चालला, आणि २०२४ साली पुन्हा लावला तर पहिल्या खेपेपेक्षा जास्त गल्ला जमवून गेला. ‘झपाटलेला’ला आता तीस वर्षं उलटून गेली, तोही ‘चाइल्ड्स प्ले’वरून सुचलेला. पण तात्या विंचूचा बाहुला घडवला रामदास पाध्यांनी, जे अर्धवटरावाच्या घरात वाढले, आणि त्याच्यापुढे भेदरायला लक्ष्मीकांत बेर्डे. अमेरिकेतून काय घेतलं होतं ते तिथे कुणाच्या लक्षातही राहिलं नाही. आमच्या जातीच्या सिनेमात मूळ कल्पना माझीच असं छातीवर हात ठेवून सांगणाऱ्यापासून मी चार हात दूर राहतो.

आता नवा सिनेमा लिहितो आहे. लाइटदादांच्या गुडघ्यांनी संप पुकारला आहे, ते खुर्चीत बसून नुसतं बोट दाखवणार आहेत. त्यांनी दाखवलेलं काम करायला उंब्रजची दोन पोरं येतात, मोबाइलवर छोटे भयपट काढणारी. माझी सेंटरिंगची फळी सध्या त्यांच्याकडेच आहे, आणि ती मूळ ठेकेदाराची हे त्यांना अजून मी सांगितलेलं नाही. वाड्यासाठी काकूंकडे गेलो तेव्हा त्यांनी या वेळीही दर सांगितला नाही, अटी सांगितल्या. मुडदा होणार नाही. या वेळी खून त्या करणार. आर्टवाल्यांची बोथट सुरी चालणार नाही, विळी घरची. मी म्हटलं, काकू, विळी हातात धरून धावता कसं येणार? त्या म्हणाल्या, “धावायचं कशाला? मी बसलेलीच असेन. तो येईल जवळ.” हे माझ्या पटकथेत लिहिलेल्या प्रसंगापेक्षा कितीतरी चांगलं आहे, त्यामुळे तो प्रसंग फाडून पुन्हा लिहायला घेतला आहे. शेवटची अट त्यांनी मी दारापर्यंत पोचल्यावर हाक मारून सांगितली: रक्त बिनसाखरेचं पाहिजे.